लपवलेल्या यादीतला टिपर

पांडुरंग गवस चालत जातो. चालत तर गावातली गुरंही जातात, त्यात सांगण्यासारखं काय, असं कुणी म्हणेल. पण एकवीस वर्षं ज्याने दहा चाकी टिपर हाकला, ज्याचा हॉर्न ऐकून डिचोलीच्या बाजारात बायका भाजी तोलता तोलता म्हणायच्या, "गेलो गे सरस्वतीचो घोव," तो माणूस आज दूध सोसायटीपर्यंतचे दोन किलोमीटर पायी जातो आणि पायी येतो. स्कूटर नाही, सायकलसुद्धा नाही. मागे बसवून घेतलं तर बसेल, पण हँडलला बोट लावणार नाही.

वाटेत सगुणचं चहाचं दुकान लागतं. सगुणच्या जिभेला ब्रेक नाही.

"ओ पांडुरंगानू, आज कितव्या गियरान?"

"तिसऱ्या."

"चडावाक दुसरो घाला हां! नायतर क्लच जळतलो!"

बाकावरची मंडळी फिदीफिदी हसतात. पांडुरंगही हसतो. आणि पुढे गेल्यावर, चढाव लागला की, पावलं खरंच आखूड करतो. सात वर्षं हे असंच चाललंय. तो का चालतो हे सगुण कधी विचारत नाही, कारण ते सगुणला माहीत आहे, बाकाला माहीत आहे, सगळ्या गावाला माहीत आहे.

शंभू. पांडुरंगाच्या बायकोचा, सरस्वतीचा, थोरला भाऊ, आणि पांडुरंगाच्या टिपरवरचा क्लीनर. पांडुरंगापेक्षा नऊ वर्षांनी मोठा. एका डोळ्यात फूल पडलेलं, म्हणून लायसन मिळालं नाही, म्हणून सगळं आयुष्य टिपरच्या डाव्या दारात उभ्याने गेलं. जेटीवर खनिज ओतायला ट्रक मागे घ्यायचा झाला की हा उतरून मागे जायचा, आणि देवळात गाऱ्हाणं घातल्यासारखा सूर लावायचा: "येऊं दीऽऽऽ येऊं दीऽऽऽ, उजवी मार, उजवी, उजवीऽऽ, आता सरळ, येऊं दीऽऽऽ!" बाकीचे क्लीनर नुसते ओरडायचे, शंभू आळवायचा. शिवाय इंजिनांच्या गोंगाटात शब्द हरवले तर हात होताच. टिपरच्या पत्र्यावर एक ठोका म्हणजे ये. दोन ठोके म्हणजे थांब. शनीसाठी घातलेली घोड्याच्या नालेची अंगठी त्याच्या बोटात असायची, त्यामुळे त्याच्या ठोक्याला शेपूट होतं. धप्प-टिंग. शंभर ट्रकांत पांडुरंगाला तो ठोका ओळखू यायचा.

"भावोजीनू," परत येताना शंभू हमखास म्हणायचा, "रस्तो रिकामो आसा. एकदा माका देवा मरे स्टेरिंग."

"दुसरो डोळो आणून दाखव, मगे देतंय."

"डोळो खंय गावता काय बाजारात?"

"मगे स्टेरिंग पण गावना नाय."

रोजची थट्टा. रोज दोघं हसायचे.

कोर्टाच्या हुकमाने खाणी दुसऱ्यांदा बंद पडल्या त्याच्या महिनाभर आधी, सकाळी अकराच्या उन्हात, जेटीवर पांडुरंग टिपर मागे घेत होता. येऊं दी ऐकू आलं. मग एक ठोका ऐकू आला. धप्प-टिंग. एक म्हणजे ये. तो आला.

खनिजाचा ढीग कडेने सुटला, शंभूचा पाय घसरला, असं पंचनाम्यात आलं, आणि ते खरंच होतं. कुणी पांडुरंगाकडे बोट दाखवलं नाही. सरस्वतीनेही नाही. तेरावं झाल्यावर तिने त्याला घाडीकडे नेलं. घाडी म्हणजे गेलेल्यांचं आणि न गेलेल्यांचं बघणारा, किडकिडीत, विडी ओढून घसा खरवडलेला माणूस. पण गाऱ्हाणं घालायला उभा राहिला की अंगणातली कोंबडी गप्प व्हायची. "बा देवा म्हाराजाऽऽ, शिवेवरच्या धन्याऽऽ, हो जो जीव अवचित गेलो..." आणि मागे उभ्या चौघांनी म्हणायचं, "होय म्हाराजाऽऽ!" त्याने शंभूची अंगठी जेटीजवळच्या फणसाच्या मुळात पुरली, शंभूला तिथं बांधलं, आणि मग साध्या, बस चुकलेल्या माणसाच्या आवाजात सांगितलं, "आयका. बांदललो खंय जाणा नाय. आसता थंयच. दिसना नाय, इतक्याच. वर्साचो नारळ चुकवं नकात."

घरी येऊन सरस्वतीने पांडुरंगाच्या हातावर नारळ ठेवला. "स्टेरिंगाक हात लावचंय नाय, म्हणा."

तो म्हणाला. त्या एका ठोक्याबद्दल मात्र तो तेव्हा बोलला नाही, पुढेही कुणाजवळ नाही. शंभूने एकच मारला होता, की दोन मारायचे होते आणि दुसरा राहिला? सात वर्षं हा प्रश्न त्याच्याबरोबर सोसायटीपर्यंत चालत जातो आणि चालत परत येतो.

मुलगा निखिल वास्कोला बंदरात क्रेन चालवतो, तिथंच खोली घेऊन राहतो, आणि रविवारी बसने घरी येतो. त्याचा जुना कॉम्प्युटर सालात, म्हणजे पुढच्या खोलीत, खिडकीखाली मेजावर ठेवलेला. "बाबा, सोसायटीतून इल्यार दिवसभर काय करतलो तू? पत्ते खेळ, कॅरम खेळ," असं म्हणत त्याने बापाच्या नावाने खातं उघडून दिलं, आणि स्वतःचे सगळे गेम त्यात वाटून दिले. एकशे साठ.

पांडुरंगाने गेमची ती लायब्ररी उघडली. गेम त्याला नवे होते, पण पसारा नवा नव्हता: जेटीवर सकाळी सहाला ट्रक असेच लागायचे, जो आला तो घुसला, तोंडाला तोंड. तेव्हा रांग लावायचं काम पांडुरंगाचं असायचं. त्याने इथंही लावली. एक फळी पत्त्यांची. एक चेंडूची. एक शेतीची. एकीला त्याने नाव दिलं 'उगाच उड्या मारणारे'. राहिले रक्ताचे. ते लपवायला हवे होते, कारण सरस्वती मेज पुसताना पडदा चालू असला की चित्रं बघायची. एकदा तर अर्धा जबडा गळलेलं एक मढं बघून पदर तोंडाला न लावता म्हणाली होती, "ह्या आमच्या शिवदासकाकासारक्या दिसता. फक्त काकाक दात कमी."

"निखिल, एखादो लपवचो कसो?" त्याने फोनवर विचारलं.

"चित्रावर जा. उजवं बटण. मॅनेज. हाइड."

"म्हणजे गेलो?"

"गेलो नाय बाबा. आसता थंयच. दिसना नाय, इतक्याच. वर व्ह्यूत गेल्यार लपवलेल्यांची सगळी यादी दिसता."

पांडुरंगाने फोन कानापासून दूर धरला आणि त्याच्याकडे बघितलं. शब्दाला शब्द घाडीचाच. फक्त घशात विडी नव्हती.

रक्ताचे पंधरा लपवले. सोळावा शेवटी निघाला. लाल ट्रक, ओला रस्ता, आणि केबिनमध्ये कुणीच नाही. माल भरायचा, देशोदेशी पोचवायचा, असा गेम. पांडुरंगाने तो उघडला नाही. लपवला. रात्री जेवताना सरस्वतीने त्याच्या ताटातल्या माशाचं काय झालं विचारलं, तो म्हणाला, "लपवलंय." ती हसली. दुसऱ्या दिवशी सोसायटीतून आल्यावर त्याने लपवलेली यादी उघडली.

खाटीखाली निखिलचं खेळण्यातलं स्टिअरिंग खोक्यात बंद होतं. त्याला तो शिवला नाही. ट्रक कळफलकावरच्या बाणांनी चालवला. बाण म्हणजे काय स्टेरिंग नव्हे, असं त्याने स्वतःला सांगितलं, आणि सांगताना मनातला आवाज सगुणचा निघाला, म्हणून तो लाजला.

सरस्वती शाळेत मुलांचं जेवण शिजवते. साडेनऊला जाते, दीडला येते. त्यामुळे दहा ते एक घर त्याचं होतं. तो माल पोचवत नव्हता. देशोदेशी जात नव्हता. गेममध्ये एका बंदरात उतरत्या फरशीचा एक धक्का होता, तिथं तो ट्रक नेऊन उभा करायचा आणि मागे घ्यायचा. पुढे काढायचा, मागे घ्यायचा. तीन तास. पाठीमागे पांढरी रेघ जवळ येत जायची आणि तो कान द्यायचा.

पहिला आठवडा इंजिन सोडून काही नाही. दुसऱ्या आठवड्यात, रेघ चार हात राहिलेली असताना, पाठीमागून डावीकडून आलं.

धप्प-टिंग.

त्याने ब्रेक लावला. गेममध्ये असा आवाज असेल, म्हणून आवाज शून्यावर नेला. पुन्हा मागे घेतला. पडदा मुका. रेघ चार हातांवर आली.

धप्प-टिंग. एक. आणि पुढे काही नाही.

घाम पुसून त्याने पडद्याचं बटण दाबलं. पडदा काळा झाला, त्याच्यापुरतं संपलं. उद्या पुन्हा. कदाचित उद्या दुसरा येईल.

सहा महिने गेले. मग तासांचं प्रकरण सुरू झालं. गेम लपवलेला असला तरी त्याच्या नावापुढे एकूण तास दिसतात. दिवसाला तीन धरले तरी सहा महिन्यांचे साडेपाचशेच्या आत यायला हवे. पांडुरंगाने सोमवारी बघितलं तेव्हा आकडा चार हजारांच्या पुढे होता, आणि मंगळवारी त्यात बावीस वाढले. त्याने तेव्हापासून टाकी बघायला सुरुवात केली, कारण मीटरपेक्षा ड्रायव्हरचा विश्वास टाकीवर जास्त. दुपारी एकला डिझेल काठोकाठ भरलं, पडदा बंद केला. सकाळी दहाला पडदा लावला. धक्क्यावर ट्रक होता तिथंच होता. टाकी उतरली होती.

रिकाम्या केबिनकडे बघताना त्याला शंभूची रोजची थट्टा आठवली. एकदा माका देवा मरे स्टेरिंग.

"शंभूभाव," तो हळूच म्हणाला, "रस्तो रिकामो आसा. चलय." आणि कळफलकाशेजारी एक विडी ठेवली. सकाळी विडी नव्हती.

भीती वाटत होती, नाही असं नाही. पण भीतीखाली दुसरंच काही होतं: जो रोज येतोय त्याला विचारता येईल. तो मोठ्याने विचारायचाही. "एकच मारलंस काय रे? काय दोन मारूचे होते?" ट्रक मागे यायचा. एक ठोका यायचा. उत्तर म्हणून रोज तेवढंच.

गुरुवारी सोसायटीत दुधाच्या कॅनात तो मापक बुडवत असताना फोन वाजला. निखिल.

"बाबा! तू ट्रक चालवता?"

"कसलो ट्रक?"

"कसलो म्हणजे? माझ्या फोनवर दिसता. पांडुरंग, ट्रक खेळत आहे. काल रात्री दिसलो, पहाटे ड्युटीवर गेलो तेव्हा दिसलो. जेवता तरी काय तू?"

"मी... तो लपवललो आसा."

"लपवललो तुज्या लायब्ररीत दिसना नाय. लोकांका तू काय खेळता ता दिसताच! आताही खेळता तू."

"आता?" पांडुरंगाने हातातल्या मापकाकडे बघितलं. "आता मी सोसायटीत आसंय."

फोनमध्ये बंदराचा भोंगा ऐकू आला. "मगे घरात कोण खेळता?" निखिलने विचारलं, आणि त्याचाही आवाज खाली गेला. "आई शाळेत आसतली. बाबा, मी रविवारी येतंय, बगतंय काय ता. आईक सांगू?"

"नको," पांडुरंग म्हणाला. "आईक नको."

म्हणजे रविवारी निखिल कॉम्प्युटर उघडणार, सरस्वती मागून बघणार, आणि तिच्या भावाला चिरडणारा माणूस सहा महिने रोज ट्रक मागे घेत बसतो हे तिला कळणार. बाणांची सबब सगुणच्या बाकावरसुद्धा चालली नसती. पांडुरंगाने ठरवलं, शनिवारी गेम काढून टाकायचा. लपवायचा नाही, काढायचा, मुळासकट. शंभू जाईल. ठोक्याचं उत्तरही जाईल. जाऊ दे.

शनिवारी दहाला त्याने पडदा लावला. काढून टाकायचं बटण शोधून ठेवलं, पण दाबलं नाही. शेवटचा एकदा मागे घेऊ. आवाज शून्यावर नेला आणि बाण दाबला.

"रेघ जवळ इली," सरस्वती म्हणाली.

ती दारात उभी होती, हातात डबा. शनिवारची शाळा सकाळची असते आणि लवकर सुटते हे पांडुरंग सहा महिन्यांत एकदाही विसरला नव्हता, आज विसरला. त्याची बोटं बाणांवरून निसटली.

"सोडा," ती म्हणाली. "माका ठावक आसा. तुमी सोसायटीत गेलास की मी पडदो लावतंय."

"तू?"

"पयल्या दिसा मेज पुसताना कॉम्प्युटराचो खालचो डबो हातांक गरम लागलो. गुरगुरत होतो. म्हटला, ह्या काय, म्हणून बटण दाबलंय." ती आत आली, डबा मेजावर ठेवला. "ट्रक उभो. इंजिन चालू. आत कोण नाय. कोण उतरान लघवीक गेलो असो. मी कदेल ओढून बसलंय. वाट बगलंय. रोज बगतंय. तुमी बाहेर गेल्यापासून साडेनवापर्यंत."

पांडुरंगाला तिचं बोलणं समजायला वेळ लागला. "इंजिन चालू?"

"चालूच. तुमी पडदो बंद करतास. इंजिन कदी बंद करूक नाय." तिच्या तोंडावर पुसटसं हसू येऊन गेलं. "जेटीवर पण करीत नव्हतास. लायनीत उभो ऱ्हवलो तरी घर्र-घर्र. सगळे तशेच. शंभूदादा म्हणायचो, आमचे भावोजी मेल्यार पण न्यूट्रलात ऱ्हवतले."

म्हणजे तास तसे वाढत होते. टाकी तशी उतरत होती. सहा महिने रिकामा ट्रक धक्क्यावर घर्रघर्र करत उभा होता, दिवस-रात्र, आणि नवरा-बायको आळीपाळीने त्याच्यासमोर बसत होते, एकमेकांपासून चोरून. पांडुरंगाला हायसं वाटायला हवं होतं. त्याला वाटलं, शंभू पुन्हा एकदा गेला.

"विडी?" त्याने विचारलं.

"मी फणसाकडे नेऊन ठेवलंय. त्याचीच होती मां?"

मग ती म्हणाली, "खाटीखालचो खोको मी रोज झाडतंय. त्याची चिकटपट्टी तशीच आसा. स्टेरिंगाक तुमी हात लावूक नाय, ता माका म्हायत आसा. पण रोज मागे कित्याक घेतास, ता सांगा."

आणि पांडुरंगाने सांगितलं. पडद्याकडे बघत, तिच्याकडे नाही. एक म्हणजे ये, दोन म्हणजे थांब. "माका एकच आयकाक इलो गो. एकच. तेणी दुसरो मारूचो होतो काय नाय, ता माका..." सात वर्षं मनात घोळवलेलं वाक्य तोंडाबाहेर यायला इतकंसंच होतं.

सरस्वती रडली नाही. तिने पदर खोचला, त्याच्या खुर्चीमागे डावीकडे लोखंडी कपाट होतं त्याच्याजवळ जाऊन उभी राहिली.

"घ्या मागे," ती म्हणाली.

"नको गो."

"घ्या. मी आसंय."

त्याने बाण दाबला. मुक्या पडद्यावर ट्रक हलला. आणि पाठीमागून तिचा आवाज आला, बारीक, पण चाल भावाची, घरातल्या गाडीला बैल जुंपताना शंभू पोरपणी लावायचा तीच. "येऊं दीऽऽ... येऊं दीऽऽ... उजवी मार, उजवी... आता सरळ..." पांडुरंगाच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं, त्याने ते पुसलं नाही, कारण हात काढले असते तर ट्रक वळला असता. रेघ दहा हातांवर आली. सहा. चार.

धप्प-टिंग.

तो थांबला नाही. एक म्हणजे ये. तो येत राहिला, श्वास धरून, तीन हात, दोन.

धप्प.

पांडुरंगाने ब्रेक लावला. तिथं पेडल नव्हतं, तरी उजवा पाय फरशीवर असा आपटला की मेजावरचा डबा उडाला. ट्रक रेघेच्या वीतभर अलीकडे थांबला. मागे काही नव्हतं. कुणीच खाली नव्हतं.

"दोन," तो म्हणाला. "दोन मारलंस गो. दोन."

सरस्वती आपल्या तळव्याकडे बघत होती. तळवा लाल झाला होता. मनगटात काचेच्या दोन बांगड्या, बोटं मोकळी.

"मी एकच मारलंय," ती म्हणाली. "शेवटचो."

कपाटावर तिच्या हाताचा एकच पोचा होता. दोघांनी तो बघितला.

मग ती म्हणाली, "आता इंजिन बंद करा. आदी इंजिन, मगे पडदो."

त्याने तसं केलं. काटा खाली आला. मेजाखालच्या कॉम्प्युटरच्या डब्याने एक लांब श्वास सोडला आणि तोही गप्प झाला, सहा महिन्यांत पहिल्यांदा. साल एवढा शांत झाला की वाडीच्या टोकाला पोदेर सायकलचा भोंपू वाजवत पाव विकत होता तो थेट घरात ऐकू आला.

पांडुरंगाने पुन्हा सगळं चालू केलं ते गेम काढून टाकायला नाही. त्याने लपवलेली यादी उघडली आणि त्या लाल ट्रकाला तिथून बाहेर घेतलं.

"खंय ठेवतास?" सरस्वतीने विचारलं.

"पयल्या रांगेत. निखिलाक दिसांदी."

"डावीकडे ठेवा," ती म्हणाली. "तो डावीकडेच उभो ऱ्हवायचो."